पाहणे आणि वाचणे : जुने गोव्यातील एक सकाळ



आपल्या समाजाची प्रवासाची हौस आता शिखरजी आणि पालिताणा एवढ्यापुरती राहिलेली नाही. यवतमाळ, दारव्हा, दिग्रस, पुसद, वणी अशा गावांतील व्यापारी कुटुंबेही दिवाळीनंतर किंवा उन्हाळ्याच्या सुट्टीत युरोपची सहल करून येतात. परत आल्यावर भ्रमणध्वनीवर छायाचित्रे दाखवली जातात. मिलानचे पांढऱ्याशुभ्र शिखरांचे मंदिर, फ्लॉरेन्सचा लाल घुमट, पिसाचा कललेला मनोरा, सारे त्यांत असते. मात्र ही वास्तू कोणी बांधली, पैसा कोठून आला, किती वर्षे लागली, असे विचारले की बहुतेकांचे उत्तर एकच असते : “गाडी तेथे अर्धा तासच थांबली होती.”

यात त्या प्रवाशांकडे बोट दाखवण्यासारखे काही नाही. हा साधा अंकगणिताचा प्रश्न आहे. पंचेचाळीस जणांच्या तांड्यात प्रत्येकाने एकच प्रश्न विचारला आणि त्याच्या उत्तराला दोन मिनिटे लागली, तरी दीड तास जातो. त्यामुळे कोणी विचारत नाही आणि कोणी सांगत नाही. मार्गदर्शकाचा सारा वेळ माणसे मोजण्यात आणि हरवलेल्याला शोधण्यात संपतो. तेच आठ जण असतील तर सोळा मिनिटांत सर्वांचे समाधान होते. इटलीतील मोठ्या कॅथेड्रलांमध्ये लहान गटांच्या मार्गदर्शित फेऱ्या हा स्वतंत्र व्यवसायच झाला आहे, त्यामागचे कारण हेच. परवानाधारक मार्गदर्शक, मोजकी माणसे, कानाला लावायचे छोटेसे यंत्र, आणि एकाच वास्तूसाठी दीड-दोन तासांचा वेळ.

या अनुभवासाठी पारपत्र काढण्याची मात्र गरज नाही. इटलीशी अनेक धाग्यांनी जोडलेले एक प्राचीन कॅथेड्रल आपल्या शेजारीच, जुने गोवे येथे उभे आहे. गेल्या हिवाळ्यात आम्ही आठ जणांनी तेथे अशीच एक फेरी केली. आमच्यात एक जिनिंगवाले मित्र आणि त्यांच्या पत्नी होत्या, एक किराणा मालाचे घाऊक व्यापारी, एक सराफ दांपत्य, आम्ही उभयता आणि आठवीत शिकणारी आमची नात. मार्गदर्शक होत्या चाळिशीच्या एक गोमंतकीय ख्रिस्ती भगिनी. त्यांचे मराठी शुद्ध होते आणि त्याला कोकणीचा गोड हेल होता. पर्यटन खात्याचे ओळखपत्र गळ्यात होते आणि हातात ना छत्री, ना झेंडा.

पहिली दहा मिनिटे त्यांनी आम्हांला आत नेलेच नाही. बाहेरच्या हिरवळीवर उभे करून विचारले, “कॅथेड्रल म्हणजे काय?” आम्ही सर्वांनी म्हटले, मोठे चर्च. त्या हसल्या. आकाराशी या शब्दाचा संबंध नाही, असे त्यांनी सांगितले. ज्या चर्चमध्ये बिशपचे अधिकृत आसन असते ते कॅथेड्रल. मूळ शब्दाचा अर्थच आसन असा आहे. गोव्याच्या या वास्तूला ‘से’ कॅथेड्रल म्हणतात, त्यातील ‘से’ हा पोर्तुगीज शब्दही लॅटिनमधील आसनवाचक शब्दावरूनच आला. त्यामुळे रोमचे जगप्रसिद्ध सेंट पीटर्स एवढे विशाल असूनही रोमचे कॅथेड्रल नव्हे. तो मान सेंट जॉन लॅटरन या चर्चचा आहे. हे ऐकताच किराणावाले मित्र म्हणाले, “म्हणजे आपण गादी म्हणतो तसे!” किती नेमका शब्द! आपल्याकडे पेढीवरही गादी असते आणि धर्मपीठालाही गादीच म्हणतात. कारंजा लाड येथील भट्टारकांच्या गाद्या वऱ्हाडातील जैनांना ठाऊक आहेतच. एका शब्दात परक्या धर्माची एक संस्था आम्हांला घरच्यासारखी कळली.

मग वास्तूकडे पाहणे सुरू झाले. लांबी सुमारे २५० फूट, रुंदी १८१ फूट. मी मनातल्या मनात गुणाकार केला, तर एक एकराहून थोडी अधिक जागा! दर्शनी भिंत ११५ फूट उंच. गोव्याचा तांबडा जांभा दगड आणि त्यावर चुन्याचा पांढरा गिलावा. बाहेरची घडण टस्कन शैलीची, म्हणजे इटलीतील टस्कनी प्रांताचे नाव मिरवणारी साधी, भारदस्त, नक्षीविरहित. नात म्हणाली, “आजोबा, एका बाजूला मनोरा आहे, दुसऱ्या बाजूला का नाही?” मार्गदर्शक बाईंना जणू याच प्रश्नाची वाट होती. मनोरे दोन होते. त्यांतील एक १७७६ साली कोसळला आणि पुन्हा बांधला गेला नाही. का बांधला गेला नाही, याचे उत्तर दगडात नसून शहराच्या नशिबात होते. एके काळी पूर्वेकडील व्यापाराची राजधानी असलेले हे शहर रोगराईने ओस पडत चालले होते. व्हाइसरॉयने १७५९ मध्येच आपला मुक्काम पणजीकडे हलवला होता आणि १८४३ मध्ये पणजी अधिकृत राजधानी झाली. ज्या बाजारात गिऱ्हाईक उरत नाही, तेथे पडकी भिंत कोण दुरुस्त करील? हे समजायला व्यापाऱ्याला इतिहासाची पदवी लागत नाही.

आत पाऊल टाकले आणि सारे पालटले. बाहेरची टस्कन साधेपणाची जागा आत कोरिंथियन शैलीने घेतली आहे. स्तंभांच्या माथ्यावर पानांची नक्षी आहे, कमानींवर उंच छत आहे आणि समोर सोन्याच्या मुलाम्याने झळकणारी भव्य वेदी. बाईंनी विचारले, बाहेर साधे आणि आत वैभव, अशी दुसरी वास्तू तुम्ही पाहिली आहे का? सराफ वहिनींनी तत्काळ उत्तर दिले, “देलवाडा!” आबूची ती मंदिरे बाहेरून जवळजवळ ओळखूही येत नाहीत आणि आत संगमरवराचे नाजूक विश्व उलगडते. दोन धर्म, दोन खंड, पाचशे वर्षांहून अधिक अंतर, आणि तरी मनुष्याच्या मनाची एक धाटणी सारखी निघाली.

मुख्य वेदी संत कॅथरीन यांची. त्यांच्या जीवनातील प्रसंग वेदीवर कोरलेले आहेत. त्यांचेच नाव का? कारण अफोन्सो द अल्बुकर्क याने २५ नोव्हेंबर १५१० रोजी आदिलशाहीकडून गोवे जिंकले आणि तो दिवस संत कॅथरीन यांच्या सणाचा होता. म्हणजे हे देवालय आहे आणि विजयस्तंभही आहे. बांधकामाला १५६२ मध्ये आरंभ झाला. मुख्य वास्तू १६१९ मध्ये उभी राहिली आणि वेद्यांचे काम १६५२ पर्यंत चालले. एकूण नव्वद वर्षे! ज्याने पाया घातला त्याच्या नातवानेही कदाचित पूर्ण वास्तू पाहिली नसेल. बँकेत असताना आम्ही सात वर्षांच्या मुदतीच्या कर्जालाही दीर्घ मुदतीचे म्हणत असू.

जिनिंगवाल्यांनी अपेक्षित प्रश्न विचारला, “पैसा कोणाचा?” बाईंनी सांगितले की राजाच्या खजिन्यातून, आणि तोही राजसत्तेच्या मालमत्तेच्या विक्रीतून आलेला. येथे त्यांनी मिलानच्या कॅथेड्रलशी तुलना केली, ती आमच्या मंडळींना फार आवडली. मिलानचे काम १३८६ मध्ये सुरू झाले. दुसऱ्याच वर्षी त्याच्या बांधकामाची व्यवस्था पाहणारी संस्था स्थापन झाली, आणि ती संस्था आजही ते कॅथेड्रल सांभाळते. संगमरवर कान्दोलियाच्या खाणीतून सरोवर, नदी आणि कालव्यांच्या मार्गाने नावांतून येई. त्या दगडावर तीन अक्षरांची खूण असे. अर्थ एवढाच की हा माल कॅथेड्रलच्या बांधकामासाठी आहे. ती खूण दिसली की जकात माफ! देणग्यांच्या जुन्या नोंदवह्याही त्या संस्थेच्या दप्तरात जपलेल्या आहेत. तेथील शेवटचा दरवाजा १९६५ मध्ये बसला, म्हणजे काम जवळजवळ सहा शतके चालले. मिलानचे कॅथेड्रल शहराने घडवले, गोव्याचे राजाने घडवले. शहराने घडवलेल्या कामाला पुढे वाली मिळत राहिला, आणि राजाने घडवलेल्या कामाचा मनोरा पडला तेव्हा उचलायला कोणी आले नाही. हा निष्कर्ष माझा आहे. बाईंनी फक्त दोन्ही हकिकती शेजारी शेजारी ठेवल्या.

एवढ्यावर फेरी संपली असती तर ती सुखद झाली असती आणि अर्धीच राहिली असती. उरलेल्या मनोऱ्यात ‘सोनेरी घंटा’ नावाची प्रचंड घंटा आहे. गोव्यातील ती सर्वांत मोठी घंटा. तिच्या नादाची स्तुती सर्व पुस्तकांत असते. पण धर्मन्यायालयाच्या जाहीर शिक्षांच्या दिवशी हीच घंटा घुमत असे, अशी परंपरागत हकिकतही आहे, आणि बाईंनी ती गाळली नाही. गोव्यातील हे धर्मन्यायालय, ज्याला इन्क्विझिशन म्हणतात, १५६० मध्ये सुरू झाले आणि मधला अल्प खंड सोडल्यास १८१२ पर्यंत चालले. त्याचा वाडा या चौकाच्या परिसरातच होता. किराणावाल्या मित्रांकडे वळून त्या म्हणाल्या, “काका, तुमच्या धंद्याशी नाते असलेला एक माणूस सांगते.” तो होता गार्सिया द ऑर्ता. मूळ यहुदी वंशाचा हा पोर्तुगीज वैद्य. हिंग, मिरी, लवंग, दालचिनी अशा भारतीय औषधी आणि मसाल्यांवरचा त्याचा ग्रंथ १५६३ मध्ये गोव्यातच छापला गेला. १५६८ मध्ये तो वारला. पुढे १५८० मध्ये धर्मन्यायालयाने त्याची हाडे थडग्यातून उकरून काढून जाळली, कारण तो गुप्तपणे आपला जुना धर्म पाळत होता असे ठरले. त्याच काळात कित्येक देवळे पाडली गेली आणि देवांना रातोरात हलवावे लागले. आज प्रियोळला असलेले मंगेशाचे स्थान मूळचे कुठ्ठाळीचे. तेथून ते १५६० मध्ये हलवले गेले.

आमचे सारे हसणे थांबले. जिनिंगवाले मित्र थोडे संकोचून म्हणाले, “ताई, तुम्ही स्वतः या धर्माच्या. हे सांगताना तुम्हांला जड जात नाही?”

त्या क्षणभर थांबल्या. मग शांतपणे म्हणाल्या, “जड जाते, काका. पण माझे पूर्वजही त्याच काळात या धर्मात आले. ते आनंदाने आले की भीतीने, हे मला सांगणारे कोणी उरले नाही. त्यामुळे हा हिशेब परक्याचा नाही, माझ्या घरचाच आहे. मी दर रविवारी येथे मिस्सेला येते. ज्या घरात प्रार्थना करते त्या घराविषयी खोटे कसे सांगू?”

त्याच वेळी एक मोठा तांडा आत शिरला. पुढचा माणूस झेंडा उंचावून “भव्य वेदी, सोनेरी घंटा, फोटो काढा, बारा मिनिटे” असे सांगत गेला. त्या तांड्यातील मंडळी आमच्यासारखीच होती, तितकीच जिज्ञासू आणि तितकेच पैसे खर्च करून आलेली. त्यांना वैभव दाखवले गेले, ते खरेही होते. पण खातेवहीचे एकच पान उघडून दाखवले होते. नफ्याची बाजू वाचायची आणि नुकसानीची बाजू उलटायची नाही, अशा ताळेबंदावर आपण कधी सही करतो का? इतिहासाच्या बाबतीत मात्र आपण नेहमी तसेच करतो. कोणी केवळ वैभव वाचतो, कोणी केवळ अत्याचार वाचतो आणि दोघेही पूर्ण वास्तू पाहिल्याचे समाधान घेऊन घरी जातात. वस्तूला अनेक बाजू असतात, ही शिकवण आपल्याला बाळकडूतून मिळाली आहे. तिचा उपयोग दुसऱ्याच्या देवळातही करता आला पाहिजे.

पुढचा तासभर आणखी दोन वास्तूंत गेला. इटलीचा धागा तेथे प्रत्यक्ष हाती लागतो. कॅथेड्रलपासून थोड्याच अंतरावर सेंट कायतान हे चर्च आहे. ते इटालियन धर्मगुरूंनी बांधले. पोप आठवे अर्बन यांनी त्यांना गोवळकोंड्याकडे पाठवले होते. तेथे प्रवेश मिळेना, म्हणून ते गोव्यात स्थिरावले, आणि सतराव्या शतकात त्यांनी रोमच्या सेंट पीटर्सची छोटी आवृत्तीच येथे उभी केली. घुमटाखाली जमिनीत एक विहीर झाकलेली आहे. दुसरी वास्तू म्हणजे १६०५ मध्ये पूर्ण झालेले बॉम जेझस. तिच्या जांभ्याच्या दर्शनी भिंतीत बसवलेला काळा पाषाण आपल्या वसईहून आणलेला आहे. येथे संत फ्रान्सिस झेवियर यांचे अवशेष आहेत. त्यांखालील संगमरवरी चौथरा टस्कनीचे ग्रँड ड्यूक तिसरे कोसिमो यांनी भेट दिला. फ्लॉरेन्सचे शिल्पकार जोव्हानी बात्तिस्ता फोज्जिनी यांनी तो घडवायला दहा वर्षे घेतली आणि १६९८ मध्ये तो येथे जोडला गेला. वरची चांदीची पेटी मात्र गोव्याच्याच कारागिरांनी सतराव्या शतकात घडवली. सराफ मित्र त्या पेटीपासून हलायलाच तयार नव्हते. त्यांच्या मते खालच्या चौथऱ्यापेक्षा वरच्या चांदीचे काम अवघड होते. या मताला किती वजन द्यावे हे वाचकांनी ठरवावे.

ज्यांना अशी फेरी करावयाची असेल त्यांच्यासाठी चार गोष्टी सांगतो. गट सहा ते दहा जणांचा असावा आणि त्यात एक तरी शाळकरी मूल असावे. खरे प्रश्न तेच विचारते. मार्गदर्शकाचे ओळखपत्र पाहावे, मोबदला आणि वेळ आधी ठरवावी, आणि एका सकाळी तीनपेक्षा अधिक वास्तू घेऊ नयेत. आमच्या वाट्याला माणशी जो खर्च आला तो हॉटेलातील एका साध्या जेवणापेक्षा अधिक नव्हता. ही जिवंत प्रार्थनास्थळे आहेत. खांदे आणि गुडघे झाकतील असे कपडे असावेत, मिस्सा चालू असताना हिंडू नये, आवाज खाली ठेवावा. आपल्या मंदिरात परक्याने जसे वागावे असे आपल्याला वाटते, तसेच तेथे वागावे. शेजारच्या पुरातत्त्व संग्रहालयात जुन्या देवळांच्या मूर्ती आणि शिलालेख आहेत, ते शुक्रवार टाळून पाहावेत. सूर्यास्तापूर्वी भोजन करणाऱ्यांनी परतीची वेळ आधीच बांधून घ्यावी. एक दिवस अधिक असेल तर फोंड्याजवळील बांदिवडे येथे जुन्या जैन बस्तीचे भग्नावशेष आहेत, तेही पाहून यावेत. तेथे मात्र कोणी सांगणारे भेटेल याची खात्री नाही.

हे शेवटचे वाक्य लिहिताना मला आपल्या घराजवळचे कारंजा आठवते. तेथे तीन परंपरांची तीन जुनी मंदिरे आहेत. तेथील हस्तलिखितांच्या भांडारांतून डॉ. हिरालाल जैन यांच्यासारख्या विद्वानांनी अपभ्रंश भाषेतील ग्रंथ उजेडात आणले आणि ‘कारंजा जैन ग्रंथमाला’ देशभरच्या अभ्यासकांना परिचित झाली. यवतमाळहून दोन-अडीच तासांचा रस्ता. आपल्या बसगाड्या तेथे जातात, दर्शन होते, भोजन होते, आणि गाड्या परततात. त्या गाड्यांतील किती मुलांना ही तीन मंदिरे तीन का आहेत हे सांगता येईल?

यासाठी मोठा निधी लागत नाही, समितीही लागत नाही. प्रत्येक गावातून इतिहासाची आवड असलेली दोन मुले-मुली निवडावीत. जाणत्या वडीलधाऱ्यांकडून आणि अभ्यासकांकडून त्यांनी एकेका वास्तूची माहिती घ्यावी, शिलालेख वाचून घ्यावेत, देणगीदारांची नावे आणि साले टिपून ठेवावीत, आणि पुढच्या यात्रेत आठ-आठ जणांचे गट करून सर्वांना फिरवावे. जे गौरवाचे आहे ते सांगावे, आणि जे मतभेदाचे किंवा उणिवेचे आहे तेही त्याच शांत आवाजात सांगावे. आमची नात पुढच्या सुट्टीत कारंज्याला जाण्याचा हट्ट धरून बसली आहे. तिची प्रश्नांची यादी तयार आहे, आणि उत्तरे देणारा माणूस आम्ही शोधत आहोत.